एका वेळी एकच त्रुटी

१८ जुलै

ती. मामांस,
भिंगरीचा सा. न. वि. वि.

हे पत्र तुमच्या जुन्या कार्यालयातल्या बाकावर बसून लिहिते आहे, म्हणजे तुमच्याच हद्दीतून. दुपारचे अडीच वाजलेत. पंखा इतका सावकाश फिरतोय की त्याची पाती मोजता येतात. उन्हाचा एक चौकोन सकाळी दाराशी होता, तो आता माझ्या चपलांपर्यंत आलाय. तो समोरच्या कपाटाला टेकला की कार्यालय बंद होतं, एवढं मला आता घड्याळाशिवाय कळतं. मघाशी बसल्या बसल्या डोळा लागला. स्वप्नात माझी फाइल कपाटातून उतरली, भिंतीच्या कडेकडेने चालत जिन्याखाली गेली आणि रस्त्यावर ऊन खात उभी राहिली. तिला हाक मारणार एवढ्यात कुणाची तरी खुर्ची सरकली आणि जाग आली.

तुम्हाला बरंचसं ठाऊक आहे, तरी तुमच्याच शिस्तीने पहिल्यापासून लिहिते. शाळेने मला भूगोल शिकवायला नेमलं त्याला दोन वर्षं आणि एक महिना झाला. जाहिरात, मुलाखत, नेमणुकीचं पत्र, सगळं रीतसर. राहिली ती शिक्षण कार्यालयाची मान्यता. ती नाही म्हणून शिक्षकांच्या हजेरीपटावर माझं नाव नाही. मी एका सुट्या कागदावर सही करते, आणि महिना संपला की मुख्याध्यापिकाबाई तो कागद खणात टाकतात. माझ्या वर्गाच्या प्रगतिपुस्तकांवर सही त्याच करतात. परवा एका मुलीने मला विचारलं की बाई, तुम्ही खऱ्या बाई आहात ना. मी हो म्हटलं, पण घरी येईपर्यंत ते डोक्यातून गेलं नाही.

दर वेळी कार्यालयातून निळसर कागदाची एक चिठ्ठी येते. कृपया खालील बाबीची पूर्तता करावी, म्हणजे प्रकरण मार्गी लावणे सोयीचे होईल. किती गोड लिहिलंय ना? आणि खाली एकच बाब. आधी जाहिरातीचं कात्रण मागितलं, मग वर्गांची पटसंख्या, मग माझ्या पदवीच्या दाखल्याची मागची बाजू (कोरी आहे, तिचीही प्रत दिली), आता शाळा समितीचा ठराव. आपण कागद दिला की त्याला नवा आवक क्रमांक पडतो आणि फाइल गठ्ठ्याच्या तळाशी जाते. ती वर यायला पाच-सहा महिने लागतात, आणि वर आली की पुढची चिठ्ठी.

टेबलावरचे गृहस्थ वाईट नाहीत. काय काय राहिलंय ते एकदाच का सांगत नाही, असं मी विचारलं, तर म्हणाले की इथे पेन्सिलभाऊंची पद्धत चालते, एका वेळी एकच त्रुटी. हे पेन्सिलभाऊ तुमच्या वेळचे का हो?

चिंतेची गोष्ट शेवटी लिहिते. या पदाची मुदत तीन शैक्षणिक वर्षांची आहे. येत्या एकतीस मार्चपर्यंत मान्यता आली नाही तर पदच रद्द होतं आणि मला जावं लागेल. मुख्याध्यापिकाबाईंनी हे सांगितलं तेव्हा त्या माझ्याकडे न बघता भिंतीवरच्या नकाशाकडे बघत होत्या. मामा, मला ही शाळा सोडायची नाही. माझ्या वर्गाच्या खिडकीतून नदीचं वळण दिसतं, आणि नदी का वळते हे मी मुलांना पुस्तक न उघडता शिकवते. काय करू ते लिहा. तुमचा लोभ आहेच, तो उन्हाच्या चौकोनासारखा माझ्यापर्यंत सरकत येऊ दे.

तुमची,
भिंगरी


२९ जुलै

चि. भिंगरीस,
मामाचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. आवक क्रमांक ३१ टाकून फाइलला लावलं. हसू नकोस. फोनवर बोललेलं कुठल्याच फाइलला लागत नाही, म्हणून तर तुला पत्र लिहायला लावतो. नाहीतरी फोनवर तू नुसती हं हं करतेस.

इथे सगळं संथ आहे. खिडकीतून तळं दिसतं. सकाळी त्यावर धुकं असतं तेव्हा पलीकडचा काठ नसतोच, आणि दहाच्या सुमाराला तो उशिरा आलेल्या कारकुनासारखा गुपचूप येऊन जागेवर बसतो. जेवण झालं की मी खुर्चीत पेंगतो. हल्ली स्वप्नात मी एकच काम करतो. कागदावरचं काहीतरी खोडरबराने खोडत असतो, आणि ते पुसलं जात नाही.

आता तुझं काम. मी कुणाला चिठ्ठी-चपाटी देणार नाही, हे तुला माहीत आहे. पण मार्ग सांगतो. ठरावाची प्रत दे आणि त्याच दिवशी वरिष्ठ अधिकाऱ्यांच्या नावे निवेदन पाठव. नेमणुकीची तारीख, प्रस्ताव दिल्याची तारीख, प्रत्येक चिठ्ठी कधी आली आणि आपण कधी उत्तर दिलं, सगळं त्यात घाल. पोच घे. पोचेवर शिक्का घे आणि शिक्क्यात तारीख उमटली आहे का ते उजेडात धरून बघ. शिवाय माहिती मागण्याचा अर्ज कर. फाइल कोणत्या तारखेला कोणत्या टेबलावर होती, हे कार्यालयाला लेखी द्यावं लागतं. कोर्टाची पायरी शहाण्याने चढू नये म्हणतात. तूर्त जिन्याखालीच उभी राहा, पण कागद गोळा करून ठेव.

तू विचारलेल्या गृहस्थांबद्दल पुन्हा कधीतरी. कार्यालयात अशी टोपणनावं पुष्कळ असतात.

मुलांना शिकवत राहा. सुट्या कागदावर केलेली सहीसुद्धा सहीच असते. तब्येतीला जप आणि मामावरची माया आहे तशी राहू दे.

तुझा,
मामा

ता. क. पदवीच्या दाखल्याची कोरी बाजू साक्षांकित केलीस का? न केल्यास कर.


६ सप्टेंबर

ती. मामांस,
सा. न. वि. वि.

तुमच्या आज्ञेप्रमाणे सगळं केलं. कोरी बाजूही साक्षांकित केली. खाली खरी प्रत असा शिक्का मारताना त्या अधिकाऱ्यांनी कागद दोनदा उलटून पाहिला आणि मग माझ्याकडे पाहिलं. मी भूगोलाच्या बाईसारखा गंभीर चेहरा ठेवला.

वरिष्ठांचं उत्तर आलं. त्यांचं म्हणणं असं की प्रकरण प्रलंबित नाहीच. फाइल टेबलावर आल्यापासून दर वेळी सात दिवसांच्या आत त्रुटी कळवलेली आहे, तेव्हा विलंबाचा प्रश्न उद्भवत नाही. वाचून मला क्षणभर वाटलं की आपणच चुकलो, ही दोन वर्षं गेलीच नाहीत. त्याच पाकिटात, या वेळी महिन्याभरातच, पाचवी निळी चिठ्ठी होती. नेमणुकीच्या पत्रावरचा शिक्का पुसट आहे, ठळक आणावा.

मग मी शहाणपण बाजूला ठेवलं आणि पायरी चढले. वकीलबाईंचं ऑफिस चष्म्याच्या दुकानावर आहे. खोलीत मासे पाळलेत. बाई आपण बोलत असताना माशांकडे बघतात, त्यामुळे आधी वाटलं की ऐकत नाहीत. पण शेवटी सगळ्या तारखा त्यांनी न चुकता परत सांगितल्या. त्या म्हणाल्या की न्यायालय मला मान्यता देणार नाही, ते त्याचं काम नव्हे. न्यायालय निर्णय घ्यायला लावेल. अधिकाऱ्याला हो म्हणायचं असेल तर हो, नाही म्हणायचं असेल तर कारण देऊन नाही, पण इतक्या दिवसांत काय ते म्हणा, असा हुकूम मागायचा. आणि तोवर हे पद रद्द करू नका, हेही मागायचं.

अडचण एकच. कार्यालय तिथेही हेच म्हणेल की आम्ही थांबलोच कुठे. प्रत्येक चिठ्ठी सात दिवसांत गेली आहे. सगळ्या त्रुटी त्यांना पहिल्याच दिवशी दिसल्या होत्या आणि त्यांनी मुद्दाम एकेक करून सांगितल्या, हे दाखवता आलं तर गोष्ट वेगळी. पण ते दाखवायचं कसं, हे बाईंनाही माहीत नाही, माशांनाही नाही.

सहावीच्या मुलांना मी नकाशा काढायला सांगितला होता, कुठल्याही प्रवासाचा. एका गटाने माझ्या फाइलचा काढला. त्यांना कुणी सांगितलं देव जाणे! आवक-जावकचा मोठा समुद्र आहे, मध्ये टेबलांची बेटं, आणि फाइल एका होडीत झोपली आहे. प्रमाण म्हणून लिहिलंय, एक सेंटिमीटर बरोबर एक वर्ष. मी दहापैकी दहा दिले आणि खालची सही करायला मुख्याध्यापिकाबाईंकडे पाठवून दिलं.

तुम्ही माझ्या एका प्रश्नाचं उत्तर दिलं नाहीत. पेन्सिलभाऊ जिवंत असतील तर मला त्यांना भेटायचंय. भांडायला नाही, नुसतं विचारायला. उत्तराची वाट बघते आणि तुमच्या मायेवर हक्क सांगते.

तुमची,
भिंगरी


२० सप्टेंबर

ती. दादास,
धाकटीचा नमस्कार.

पोरीने पत्र लिहून दोन आठवडे झाले, तुझं उत्तर नाही. तू आणि उत्तर नाही! तू तर दूधवाल्यालासुद्धा पोच देतोस. म्हणून मीच लिहायला बसले. माझं अक्षर वाईट आहे, त्याला क्रमांक टाकलास तर बघ.

भिंगरी हल्ली जेवताना ताटाच्या कडेवर बोटाने सही गिरवते. तिला कळत नाही, मला दिसतं. शाळेतून आली की गॅलरीत बसून राहते आणि काय बघतेस म्हटलं तर म्हणते, काही नाही, मार्च बघतेय. लहानपणी भोवऱ्यासारखी फिरायची म्हणून तूच तिला हे नाव दिलंस. आता ती एका जागी बसलेली मला बघवत नाही.

तिने ते पेन्सिलभाऊंचं मला सांगितलं. मी काही बोलले नाही. पण दादा, तुझ्या भिंतीवर हातभर लांबीची लाकडी पेन्सिल टांगलेली आहे. निवृत्तीच्या दिवशी कार्यालयातल्या लोकांनी हसत हसत दिली होती तुला. भिंगरी सुट्टीत आली की त्या पेन्सिलीवर ओला टॉवेल टाकायची आणि तू ओरडायचास. तिच्या लक्षात आलेलं नाही, कारण तिचा मामा असलं काही करेल हे तिच्या डोक्यातच येत नाही. मी मात्र तुझ्या पाठची आहे. झाकली मूठ सवा लाखाची असते हे खरं, पण या मुठीत माझ्या लेकीची नोकरी आहे.

तू जे काही केलं असशील ते वाईट हेतूने केलं नसशील. तेवढं मी देवासमोरही सांगेन. पण तिला तू सांग. मी सांगितलं तर ते तिला चहाडी वाटेल.

गुडघा कसा आहे ते खरं लिही. राग धरू नकोस, आणि धरलास तर माझ्यावर धर, तिच्यावर नको.

तुझी,
धाकटी


४ ऑक्टोबर

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

हे पत्र मी पाचव्यांदा लिहितो आहे. आधीच्या चारांत फक्त तळ्याबद्दल लिहिलं गेलं.

पेन्सिलभाऊ म्हणजे मी.

नोकरीला लागून माझं दुसरं वर्ष चालू होतं. एका शाळेच्या शिक्षिका मान्यतेसाठी आल्या. लांबून आल्या होत्या, पदराला प्रवासाची धूळ. मी फाइल तपासली. मला कामाचा फार अभिमान. चौदा त्रुटी काढल्या आणि त्यांच्यासमोर एका दमात वाचून दाखवल्या. त्यांनी कागद घेतला, बाकावर जाऊन बसल्या. जेवणाच्या सुट्टीनंतर मी आलो तर बाई नव्हत्या. फाइल बाकावर ठेवून त्या निघून गेल्या होत्या. पुन्हा आल्याच नाहीत. ती फाइल मी तीन वर्षं कपाटात जपून ठेवली. मी पत्र पाठवलं, त्याचंही उत्तर नाही. चौदातल्या अकरा गोष्टी तर इतक्या किरकोळ होत्या की मीच त्यांना तिथल्या तिथे करून दिल्या असत्या.

त्या दिवसापासून मी ठरवलं की कुणाला एकदम सगळं सांगायचं नाही. फाइल आली की सगळ्या त्रुटी मी पेन्सिलीने मागच्या पुठ्ठ्याच्या आतल्या बाजूला लिहून ठेवायचो, वर तारीख टाकून. माणसाला एक सांगायचो. ती झाली की खोडायची आणि दुसरी सांगायची. चिठ्ठीवरचं वाक्यही माझंच. ते गोड व्हावं म्हणून मी दोन दिवस घालवले होते. लोक हसतमुखाने जायचे. मला वाटायचं, मी त्यांना जिना चढायला हात देतोय.

पण मी आणखी एक करायचो. पूर्तता आली की ती फाइल तळाशी जाऊ द्यायचो नाही, त्याच दिवशी वर घ्यायचो. ते कुठे लिहिलेलं नव्हतं. मी निवृत्त झालो तेव्हा पद्धत टेबलावर राहिली आणि फाइल वर घेणं माझ्याबरोबर घरी आलं. तुला येणाऱ्या चिठ्ठ्या कशा असतात ते तू जुलैत लिहिलंस, तेव्हाच मी माझं वाक्य ओळखलं. स्वप्नातलं ते खोडरबर उगाच नव्हतं.

आता कामाचं. वकीलबाईंना सांग की याचिकेत मूळ फाइल न्यायालयात मागवण्याची विनंती करा. नुसत्या प्रती नकोत, प्रतीत पुठ्ठा येत नाही. मूळ फाइल आली की मागचा पुठ्ठा उघडा. पाच चिठ्ठ्या आल्यात, त्या पाच ओळी खोडलेल्या असतील. पण अजून न पाठवलेल्या त्रुटी तिथे असतील, आणि वर पहिल्या दिवसाची तारीख. कार्यालयाला पहिल्या दिवशी सगळं दिसलं होतं, याचा याहून मोठा पुरावा नाही. ही पद्धत कुठून आली आणि कशी चालते, याचं प्रतिज्ञापत्र मी देईन. तीस वर्षांच्या नोकरीत माझ्यावर एकही शेरा नाही, आता हा मी स्वतःच्या हाताने मारून घेतो.

माया राहू दे असं लिहायची या वेळी छाती होत नाही.

तुझा,
मामा


२५ ऑक्टोबर

ती. मामांस,
नमस्कार.

आपलं ४ तारखेचं पत्र मिळालं. वकीलबाईंनी मूळ फाइल मागवण्याची विनंती याचिकेत घातली आहे. प्रतिज्ञापत्राचा मसुदा सोबत आहे. वाचून, प्रत्येक पानावर सही करून पाठवावा.

एवढंच लिहून पाकीट बंद करणार होते. तीन आठवडे रागातच गेले. राग पद्धतीचा नाही. तुम्ही जुलैत ओळखलंत आणि मला दाखल्याच्या कोऱ्या बाजूबद्दल ता. क. लिहिलात, त्याचा आहे. मी त्या बाकावर बसले होते, मामा. मलाही एकेकच गोष्ट सांगितलीत, आणि खरी होती ती सगळ्यात शेवटी. खूप लागलं ते.

भिंगरी


१ नोव्हेंबर

चि. भिंगरीस,
आशीर्वाद.

मसुदा वाचला. दोन ठिकाणी वकीलबाईंनी माझ्यासाठी ‘चांगल्या हेतूने’ असे शब्द घातले आहेत. ते मी काढले. हेतू फाइलला लागत नाही. प्रत्येक पानावर सही करून, शपथेवर नोंदवून, सोबत पाठवतो.

तू लिहिलंस ते सगळं खरं आहे. मी घाबरलो होतो. तू बाकावरून उठून जाशील असं वाटलं.

मी तिकडे येत नाही. सुनावणीलाही नाही. तुझ्या शाळेच्या दारात उभं राहायला तोंड नाही मला. तुझं भलं होवो.

मामा


१४ डिसेंबर

ती. मामांस,
सा. न. वि. वि.

परवा सुनावणी झाली. राग अजून थोडा शिल्लक आहे, पण ही हकिगत तुम्हाला सांगितल्याशिवाय मला अन्न गोड लागणार नाही.

न्यायालयाची खोली उंच आहे, खिडक्या त्याहून उंच, आणि उजेड वरून खाली येईपर्यंत मऊ होतो. सगळेजण हळू बोलतात. मला सारखं वाटत होतं की आपण पाण्याखाली आहोत आणि वकीलबाईंचे मासे कुठूनतरी येतील. आमचा पुकारा जेवणाच्या सुट्टीआधी झाला. कार्यालयाचे वकील ठरल्याप्रमाणे म्हणाले की प्रत्येक त्रुटी सात दिवसांत कळवलेली आहे. मग वकीलबाईंनी मूळ फाइलचा मागचा पुठ्ठा उघडून पाहण्याची विनंती केली. कार्यालयाच्या वकिलांनी चष्मा काढून पुसला. त्यांना काहीच माहीत नव्हतं.

न्यायाधीशांनी पुठ्ठा उघडला आणि खिडकीकडे तिरका धरला. तुम्ही मला शिक्क्याची तारीख बघायला शिकवलंत ना, अगदी तसा. वर नऊ जुलै, अडीच वर्षांपूर्वीची. पाच ओळी खोडलेल्या, पण खोडूनही वाचता येत होत्या. खाली चार ओळी तशाच. त्यांनी त्या मोठ्याने वाचल्या. पद रिकामं असल्याचा दाखला, माझा छायाचित्र लावलेला अर्ज, मुख्याध्यापिकांच्या नेमणुकीची प्रत, प्रस्तावाची पानं क्रमाने लावणे. मामा, माझी पानं क्रमाने लावलेली नव्हती, आणि ते सांगायला ते आणखी दोन वर्षं लावणार होते!

मग तुमचं प्रतिज्ञापत्र वाचलं गेलं. त्या बाईंची हकिगतसुद्धा, शेवटपर्यंत. नंतर न्यायाधीश म्हणाले की दया दाखवायची तर पूर्ण सांगून दाखवावी, अर्धं झाकून ठेवलं की तिचा विलंब होतो. मी ते हातावर लिहून घेतलं.

हुकूम असा आहे. राहिलेलं सगळं आठ दिवसांत एकाच पत्राने कळवायचं. मी पंधरा दिवसांत पूर्तता करायची. त्यानंतर चार आठवड्यांत कारणांसह निर्णय द्यायचा, आणि तोवर पदाला हात लावायचा नाही. यापुढे कुणालाच त्रुटी एकेक करून कळवायच्या नाहीत. निर्णय हो असेल की नाही, ते कुणालाच ठाऊक नाही. पण काहीतरी म्हणावं लागणार आहे त्यांना.

बाहेर पडताना टेबलावरचे ते गृहस्थ भेटले, फाइल घेऊन आले होते. त्यांनी विचारलं की पेन्सिलभाऊ तुमचे कोण. मी म्हटलं, मामा. पहिल्यांदा म्हटलं ते, आणि म्हणताना वाईट वाटलं नाही.

तुम्ही आला नाहीत. आईने तुमच्यासाठी जागा धरली होती, पिशवी ठेवून.

भिंगरी


२ फेब्रुवारी

ती. मामांस,
भिंगरीचा सा. न. वि. वि.

मान्यता आली! नेमणुकीच्या पहिल्या दिवसापासून धरली आहे. पत्र शाळेत आलं तेव्हा मी सातवीला वारे शिकवत होते. मुख्याध्यापिकाबाई वर्गात आल्या, हजेरीपट माझ्यापुढे उघडा धरला आणि आपलं पेन दिलं. यादीत शेवटी माझं नाव होतं, शाई ओली. मी सही केली. इतकी वर्षं ताटावर गिरवलेली, पण शेवटचं अक्षर वाकडं आलं. ती मुलगी, मला खऱ्या आहात ना विचारणारी, बाकावर उभी राहून बघत होती. नंतर सगळ्यांनी आपापली प्रगतिपुस्तकं माझ्या टेबलावर आणून रचली, जुन्या पानांवरही सही हवी म्हणून. दुपारभर तेच चाललं होतं. खिडकीत नदी होती, आणि मला कुठेही जायचं नव्हतं.

तुम्ही दीड महिना गप्प आहात. आईला दोन ओळी, मला काही नाही. म्हणून आता न्यायालयाच्या हुकमाप्रमाणे तुमच्यातल्या सगळ्या त्रुटी एकाच पत्राने कळवते. घाबरून जाऊ नका, शेवटपर्यंत वाचा.

तुम्ही मला जुलैत सांगायला हवं होतं ते ऑक्टोबरात सांगितलंत. तुम्ही फोन उचलत नाही. गुडघा बरा असल्याचं आईला खोटं लिहिलंत, तिला कळलंय आणि ती तेलाची बाटली घेऊन तयार आहे. माझी चूक नसताना मला दाखल्याची कोरी बाजू साक्षांकित करायला लावलीत. त्या बाईंचं ओझं चाळीस वर्षं एकट्याने वाहिलंत आणि घरात कुणाला कळू दिलं नाहीत, ही त्यातली सगळ्यात मोठी. प्रतिज्ञापत्रातून ‘चांगल्या हेतूने’ हे शब्द काढलेत, जे खरे होते. मला टॉवेलवरून ओरडलात. माझी पहिली सही बघायला आला नाहीत. आणि तुम्हाला वाटतं की मी तुमच्यावर माया करायची थांबले, ही तर निव्वळ चुकीची नोंद आहे. ती तात्काळ दुरुस्त करावी.

यातलं मी काही मागे ठेवलेलं नाही. पुठ्ठा उलटून बघा, कोरा आहे.

पूर्तता समक्ष हजर राहून करावी. शनिवारी शाळा अर्धा दिवस असते. वर्गात मागे एक बाक रिकामा आहे.

तुमची,
भिंगरी


६ फेब्रुवारी

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. आवक क्रमांक टाकायचा राहिला.

सगळं एकदम वाचलं. मग बराच वेळ खिडकीशी बसलो. धुकं होतं, पलीकडचा काठ नव्हता. कागद हातात होता आणि सारखं वाटत होतं की आता तो खाली ठेवून आपण निघून जाऊ. दहा वाजले, काठ आला, तरी मी तिथेच होतो. मी उठून गेलो नाही, भिंगरी.

शनिवारी सकाळच्या बसने येतो. तुझ्या आईला सांग, गुडघा दुखतो.

तुझा,
मामा